विशेष शिक्षक व्हायचं म्हणजे काय?

(सोसायटीच्या रौप्यमहोत्सवी वर्षात दर महिन्याला एका सभासदाने आपल्या व्यवसायाविषयी बोलायचं, असा उपक्रम सांस्कृतिक समितीने घेतला होता. त्यातील एका भाषणाचा हा मजकूर.)



मला बोलायला सांगितलं तेव्हा विषय शोधावा लागला नाही. मी विशेष शिक्षिका आहे हे कळल्यापासून आपल्या लिफ्टमध्ये, भाजीवाल्याच्या गाडीपाशी आणि एकदा तर हळदीकुंकवाच्या रांगेत मला तीनच गोष्टी ऐकायला मिळतात. पहिली : "फार पुण्याचं काम करता हो तुम्ही!" दुसरी : "तो कोर्स कुठे असतो? सहा महिन्यांचाच असतो ना?" आणि तिसरी, जी नेहमी आवाज खाली करून विचारली जाते : "आमच्या छोट्याला एकदा बघाल का? पण कोणाला सांगू नका हं."

या तिघांची उत्तरं आज एकदम देते.

पुण्यापासून सुरुवात करू. तुम्ही प्रेमाने म्हणता हे मला कळतं. पण दाताच्या डॉक्टरांना आपण "पुण्याचं काम करता" म्हणत नाही. आपण त्यांची डिग्री बघतो. आमचंही तसंच आहे. आपल्या देशात १९९२ साली भारतीय पुनर्वास परिषदेचा कायदा झाला आणि १९९३ पासून तो लागू आहे. इंग्रजी आद्याक्षरांवरून सगळे तिला आरसीआय म्हणतात. विशेष शिक्षक, ऑडिओलॉजिस्ट, स्पीच थेरपिस्ट, क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट अशा लोकांचं शिक्षण कसं असावं हे ही परिषद ठरवते आणि शिकून बाहेर पडलेल्यांची नावं केंद्रीय पुनर्वास नोंदवहीत नोंदवते. नोंदणी नसताना हे काम करणाऱ्याला एक वर्षापर्यंत कैद, एक हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी तरतूद त्या कायद्यात आहे. म्हणजे नुसता जीव लावून भागत नाही. जीव तर लावायचाच, पण काम यायला हवं.

काम म्हणजे नक्की काय, ते दोन-तीन उदाहरणांनी सांगते.

शर्टाचं बटण लावणं ही तुमच्या दृष्टीने एक कृती. आमच्या दृष्टीने त्या आठ-दहा कृती आहेत. बटण चिमटीत धरणं, दुसऱ्या हाताने काजं शोधणं, कड त्यात सरकवणं, पलीकडून ओढणं. बौद्धिक अक्षमता असलेल्या मुलाला यातली नेमकी कोणती पायरी जमत नाही ते शोधायचं आणि तेवढीच शिकवायची. पुष्कळदा आम्ही शेवटून सुरुवात करतो. बाकी सगळं बाईंनी करायचं, शेवटचा ओढा मुलाने द्यायचा. बटण लागलं की "मी लावलं" हा आनंद त्याचा. मग शेवटच्या दोन पायऱ्या त्याच्या, मग तीन. शर्टाला पाच बटणं असतात, त्यामुळे रोज सकाळी सरावाच्या पाच संधी आपोआप मिळतात.

दुसरं उदाहरण अध्ययन अक्षमतेचं. मूल हुशार आहे, बोलण्यात चटपटीत आहे, पण वाचताना अडखळतं, लिहिताना घ आणि ध, भ आणि म यांत गोंधळतं, रफार आला की घाम फुटतो. 'तारे जमीं पर' २००७ साली आला आणि डिस्लेक्सिया हा शब्द घरोघरी पोचला. पण आपल्या मराठीची स्वतःची एक गंमत आहे. पंचवीस म्हणताना आपण पाच आधी उच्चारतो आणि लिहिताना दोन आधी लिहितो. एखादं मूल ऐकल्याबरहुकूम ५२ लिहितं आणि पाठीत धपाटा खातं. २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'वीस पाच' अशी वाचनाची पद्धत आली तेव्हा केवढा गदारोळ झाला ते तुम्हाला आठवत असेल. विनोद झाले, टीव्हीवर वाद झाले. त्या वादात मी आज पडत नाही. पण काही मुलांना हा उंबरठा खरंच अडतो, हे माझ्या टेबलावरच्या वह्या रोज सांगतात. अशा मुलाला आम्ही दहाचे गठ्ठे आणि सुट्या काड्या हातात देतो. अक्षर वाळूत बोटाने गिरवायला लावतो, तोंडाने म्हणायला लावतो. डोळा, कान आणि हात तिन्ही एकदम कामाला लागले की अक्षर टिकतं.

तिसरं पैशांचं. अकरा-बारा वर्षांच्या मुलीला पुस्तकातल्या चित्रातली नोट दाखवून उपयोग नाही. खरी नोट घेऊन कोपऱ्यावरच्या दुकानात जायचं, दुधाची पिशवी मागायची, सुटे परत घ्यायचे आणि मोजायचे. पहिल्या दिवशी दुकानदार माझ्याकडे बघून बोलतो. मी सांगते, "दादा, गिऱ्हाईक ती आहे, मी नाही."

प्रत्येक मुलासाठी आम्हाला एक लेखी आराखडा करावा लागतो. त्याला वैयक्तिक शिक्षण आराखडा म्हणतात. मूल आज कुठे आहे, तीन महिन्यांनी कुठे पोचावं, त्यासाठी काय करायचं आणि पोचलं की नाही हे कसं मोजायचं, हे सगळं त्यात असतं. 'सुधारणा आहे' असं लिहून चालत नाही. 'दहापैकी आठ वेळा मदतीशिवाय केलं' असं लिहावं लागतं. लग्नाआधी मी काही वर्षं बँकेत होते. तिथली ताळेबंदाची सवय इथे कामी येते.

आता दुसरा प्रश्न, कोर्सचा. सहा महिन्यांत विशेष शिक्षक होता येत नाही. जाहिराती खूप दिसतात. कुठे आठ आठवड्यांचं ऑनलाइन प्रमाणपत्र, कुठे 'घरबसल्या स्पेशल एज्युकेटर व्हा'. विषयाची तोंडओळख म्हणून त्यातले काही वर्ग चांगले असतीलही. आई-वडिलांना, नेहमीच्या शाळेतल्या शिक्षकांना उपयोगी पडतील. पण त्या कागदावर परिषदेची नोंदणी मिळत नाही, आणि नोंदणीशिवाय विशेष शिक्षक म्हणून नेमणूक मिळत नाही. आपल्या ओळखीतल्या एका मुलीने अशाच एका ठिकाणी चांगली मोठी फी भरली. मुलाखतीत तिला नोंदणी क्रमांक विचारला, तेव्हा तिला पहिल्यांदा कळलं की असा काही क्रमांक असतो. तिचे पैसे गेले आणि वर्षही गेलं. म्हणून हे मुद्दाम सविस्तर सांगते.

मुख्य वाटा दोन आहेत. बारावीनंतर दोन वर्षांची पदविका, म्हणजे डी.एड. विशेष शिक्षण. किंवा पदवीनंतर बी.एड. विशेष शिक्षण. हे बी.एड. पूर्वी एक वर्षाचं होतं, २०१५ पासून दोन वर्षांचं झालं. त्यापुढे एम.एड. आहे. प्रवेश घेतानाच आपला विशेष विषय निवडायचा असतो : बौद्धिक अक्षमता, श्रवणदोष, दृष्टिदोष, अध्ययन अक्षमता, स्वमग्नता वगैरे. बाकीच्या प्रकारांची ओळख सर्वांनाच करून देतात, कारण वर्गात मुलं विषय वाटून येत नाहीत. एकाच मुलाला दोन अडचणी असू शकतात.

आपल्या मुंबईकरांचं नशीब असं की या क्षेत्रातल्या जुन्या संस्था आपल्या हाकेच्या अंतरावर आहेत. वांद्रे रेक्लमेशनला अली यावर जंग राष्ट्रीय संस्था आहे, १९८३ पासूनची. श्रवण आणि वाचेच्या क्षेत्रात ती देशातली अग्रणी. एसएनडीटी विद्यापीठाचा विशेष शिक्षण विभाग आहे, चेंबूरला हशू अडवाणी महाविद्यालय आहे. शाळा म्हणाल तर मुंबईची जय वकील १९४४ पासून चालू आहे, पुण्याची कामायनी १९६४ पासून, आणि सेरेब्रल पाल्सी असलेल्या मुलांसाठी मिठू अलूर यांनी १९७२ साली मुंबईत स्पॅस्टिक्स सोसायटी उभी केली. त्या काळात ना कायदा होता ना अनुदानाची खात्री.

प्रवेश घेण्याआधी एक काम प्रत्येकाने करा. परिषदेच्या संकेतस्थळावर मान्यताप्राप्त संस्थांची यादी असते. त्यात संस्थेचं नाव बघा आणि नावापुढे तुम्हाला हवा तोच अभ्यासक्रम आणि तेच वर्ष आहे का ते बघा. संस्था मान्यताप्राप्त आहे, पण तिचा हा अभ्यासक्रम मान्य नाही, असंही असू शकतं. आई-वडिलांनीही हेच करावं. मुलाला शिकवायला येणाऱ्या व्यक्तीला नोंदणी क्रमांक विचारा. संकोच करू नका. खऱ्या शिक्षकाला त्या प्रश्नाचा राग येत नाही.

अभ्यास कसा असतो? मी शिकायला गेले तेव्हा अडतीस वर्षांची होते आणि बाकावर शेजारी बाविशीची मुलगी. पाठांतरात ती माझ्या पुढे, स्वयंपाकघरातल्या उदाहरणांत मी तिच्या पुढे. पुस्तकी भाग जमून जातो. कस लागतो तो सराव पाठांचा, मुलांच्या सविस्तर नोंदींचा आणि शाळेतल्या प्रत्यक्ष कामाचा. दृष्टिदोषाचा विषय घेतलेल्यांना ब्रेल शिकावी लागते. सहा टिंबांत सगळी मराठी बाराखडी बसते. गणितासाठी टेलर फ्रेम, अबॅकस. श्रवणदोषाच्या शिक्षकाला श्रवणयंत्राची बॅटरी तपासण्यापासून ओठांवरून भाषा देण्यापर्यंत सगळं यावं लागतं. आणि कोर्स संपला म्हणजे संपलं असंही नाही. नोंदणीचं ठरावीक वर्षांनी नूतनीकरण करावं लागतं आणि त्यासाठी मान्यताप्राप्त कार्यशाळा करून गुण जमवावे लागतात.

पगाराचं विचारलंत तर खरं तेच सांगते. अनुदानित विशेष शाळेत कायम नोकरी मिळाली तर वेतनश्रेणी मिळते. विनाअनुदानित ठिकाणी पुष्कळदा कमी मिळतं. समग्र शिक्षा योजनेत अनेकांनी वर्षानुवर्षं कंत्राटावर काम केलं आहे, एकेकाकडे कितीतरी गावं. पण गरज मोठी आहे आणि ती वाढतेच आहे. १९९५ च्या कायद्यात अपंगत्वाचे सात प्रकार होते. २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यात ते एकवीस झाले आणि स्वमग्नता, अध्ययन अक्षमता त्यात आल्या. सीबीएसईने २०१५ साली आपल्या शाळांना विशेष शिक्षक नेमायला सांगितलं. सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२१ मध्ये प्रमाण सांगितलं : प्राथमिक स्तरावर दहा विशेष मुलांमागे एक शिक्षक, त्यावरच्या वर्गांत पंधरांमागे एक. आपल्या आसपासच्या शाळांत जाऊन मोजा, म्हणजे किती शिक्षक कमी आहेत ते कळेल.

आणि आता तो तिसरा प्रश्न. "बघाल का, पण कोणाला सांगू नका."

मी कधीच कोणाला सांगत नाही. ते आमच्या शिक्षणाचा आणि सचोटीचा भाग आहे. पण लपवण्याची किंमत काय असते ते मात्र आज सर्वांसमोर सांगते. हे कुटुंब आपल्या सोसायटीतलं नाही. मुलगी साडेचार वर्षांची. हाक मारली तर बघत नाही, बोलत नाही, हट्टी आहे, असं घरात ठरलेलं. "तिचे काकाही उशिरा बोलले" हे आजीचं म्हणणं. देवाला नवस झाला. नात्यात लग्नकार्य असलं की तिला आत्याकडे ठेवायचे, म्हणजे कोणी विचारायला नको. शेवटी कानाची तपासणी झाली तेव्हा कळलं की तिला फार कमी ऐकू येतं. मुलगी हट्टी नव्हती, तिला हाक पोचतच नव्हती. श्रवणयंत्र बसलं, शिक्षण सुरू झालं, आज ती शाळेत जाते आणि माझ्याशी भांडतेसुद्धा. पण भाषा शिकण्याची पहिली चार वर्षं तिला कोणी परत देऊ शकलं नाही.

बाळाची श्रवण चाचणी जन्मानंतर पहिल्या काही दिवसांत होऊ शकते. त्याला दुखत नाही, झोपेतही होते. जगभर धरला जाणारा नियम साधा आहे : पहिल्या महिन्यात चाचणी, तिसऱ्या महिन्यापर्यंत निदान, सहाव्या महिन्यापर्यंत उपचार आणि शिक्षणाला सुरुवात. लहान मुलांच्या कॉक्लिअर इम्प्लांटसाठी केंद्र सरकारच्या योजनेतून मदत मिळते. बाळ वर्षाचं होऊनही नावाला ओ देत नाही, बोट दाखवत नाही, शिकलेले शब्द विसरत चाललंय, असं वाटलं तर बालरोगतज्ज्ञांना लगेच दाखवा. काही निघालं नाही तर पेढे वाटा. निघालं तर वेळ हाताशी आहे.

हक्कही माहीत असू द्या. शिक्षण हक्क कायदा सहा ते चौदा वयासाठी आहे. पण चाळीस टक्के किंवा त्याहून जास्त दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र असलेल्या मुलाला २०१६ च्या कायद्याने सहा ते अठरा वर्षांपर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क दिला आहे. जवळच्या नेहमीच्या शाळेत जायचं की विशेष शाळेत, ही निवड कुटुंबाची. अध्ययन अक्षमतेचं प्रमाणपत्र साधारण आठ वर्षांनंतर सरकारमान्य केंद्रातून मिळतं. मुंबईत सायन हॉस्पिटलमध्ये त्याची सोय आहे. त्यावर बोर्डाच्या परीक्षेत तासाला वीस मिनिटं जादा वेळ, गरजेप्रमाणे लेखनिक अशा सवलती मिळतात. त्या दहावीच्या फॉर्मच्या वेळी मागायला धावू नका, तिसरी-चौथीतच तपासून घ्या. स्वमग्नता, सेरेब्रल पाल्सी, बौद्धिक अक्षमता किंवा बहुविकलांगता असेल तर राष्ट्रीय न्यासाच्या निरामय योजनेत एक लाखापर्यंतचा आरोग्य विमा मिळतो. हे सगळं मिळवायचं तर आधी घरात मान्य करावं लागतं, मग कागद करावे लागतात.

शेजाऱ्यांसाठी थोडं. यातलं काही खर्चाचं नाही.

एखाद्या मुलाबद्दल काही विचारायचं असेल तर शेजारी उभ्या आईला न विचारता त्यालाच विचारा. उत्तराला वेळ लागला तर थांबा. लिफ्टमध्ये एखादं मूल हात फडफडवत असेल, तेच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत असेल, तर त्याच्याकडे टक लावून बघू नका आणि आईला सल्लाही देऊ नका. ती बाई सल्ले ऐकून थकलेली असते. स्वमग्न मुलांना अचानक आलेला मोठा आवाज सहन होत नाही. गणपतीत ढोल कधी वाजणार, फटाके कधी लागणार ते कमिटीने नोटीस बोर्डावर आधी लिहिलं तर ते कुटुंब तयारी करू शकतं. वाढदिवसाला त्या मुलालाही बोलवा. तो अर्धा तास थांबून गेला तरी चालेल. आणि 'येडा', 'मंद' हे शब्द मुलांच्या खेळातून काढून टाका. मुलं ते आपल्याकडूनच शिकतात.

बी विंगच्या पायऱ्यांशेजारी आपण आजी-आजोबांसाठी उतार बांधला. आज त्यावरून व्हीलचेअर जाते, बाबागाडी जाते, गॅस सिलिंडर आणणाऱ्याची हातगाडीही जाते. जनरल बॉडीत त्या खर्चावर किती चर्चा झाली होती ते आठवा. तसाच उतार मेन गेटलाही हवा, ही माझी कमिटीला जाहीर विनंती. इतिवृत्तात नोंद घ्यावी.

शेवटी, ज्यांना या क्षेत्रात यायचं आहे त्यांच्यासाठी. बारावीची मुलं असोत किंवा घर सांभाळून पुन्हा काही करू पाहणाऱ्या माझ्या वयाच्या मैत्रिणी, फॉर्म भरण्याआधी चार दिवस एखाद्या विशेष शाळेत जाऊन बसा. मुख्याध्यापक सहसा परवानगी देतात. पहिल्या दिवशी कीव येते, दुसऱ्या दिवशी कंटाळा येतो. तिसऱ्या-चौथ्या दिवशी एखादं मूल काय करतंय याचं कुतूहल वाटायला लागलं, तर तुम्हाला हे काम जमेल. नुसती कीवच राहिली, तर दुसरं काही करा. देणगी द्या, तीही लागते.

रविवारी सकाळी दहानंतर मी घरी असते. मार्कशीट घेऊन या, संस्थांची यादी एकत्र बघू. मुलाला घेऊन आलात तरी या, आवाज खाली न करता या.

आपली सोसायटी पंचवीस वर्षांची झाली. ज्यांनी ती उभी केली त्या सर्व ज्येष्ठांना नमस्कार करते आणि थांबते.